आइस हॉकीचं २०२५: देशाच्या सामन्यांसाठी लीगने दरवर्षी थांबावं की नाही?

पहाटेचा_पक (कंपू)

आधीच सांगतो, हॉकीचा धागा आहे पण बर्फावरच्या हॉकीचा. आपल्या ग्वाल्हेरात हॉकी म्हटलं की पहिलं नाव रूपसिंहांचं, म्हणून गैरसमज नको, त्यांच्यावरही येतोच मी शेवटी.

डिसेंबर लागला, पहाटे आमच्या कंपू भागात धुकं इतकं की समोर उभी स्कूटर दिसत नाही, आणि मी साडेपाचला उठून मॅच लावतो कारण तिकडचे संध्याकाळचे सात म्हणजे आपले पहाटेचे साडेपाच. मुलगा मॉन्ट्रियलला शिकायला गेला तेव्हापासून ही सवय लागली. तर यंदाचं अख्खं वर्ष बघून माझं मत पक्कं झालंय की देशासाठी खेळलेले सामने हेच खरे, आणि एनएचएलने, म्हणजे अमेरिका-कॅनडाच्या त्या मोठ्या पैशाच्या लीगने, दरवर्षी फेब्रुवारीत दोन आठवडे आपलं दुकान बंद ठेवून खेळाडू देशाला द्यायलाच हवेत. दर चार वर्षांनी नाही, दरवर्षी.

कारण सांगतो. २०१४ च्या सोची ऑलिम्पिकनंतर एनएचएलवाले ऑलिम्पिकला गेलेच नाहीत, २०१८ ला नाही, २०२२ ला नाही. २०१६ ला एक वर्ल्ड कप झाला त्यात कॉनर मॅकडेव्हिडला कॅनडाचा शर्टसुद्धा मिळाला नाही, तेवीस वर्षांखालच्या पोरांची एक उत्तर अमेरिकेची मिश्र टीम केली होती त्यात त्याला टाकलं. म्हणजे बघा, आज जगातला सगळ्यात जबरदस्त खेळाडू, आणि २८ वर्षांचा होईपर्यंत सगळे उत्तम खेळाडू मैदानात असताना तो स्वतःच्या देशाकडून खेळलाच नव्हता! यंदा फेब्रुवारीत फोर नेशन्स म्हणून स्पर्धा घेतली, कॅनडा, अमेरिका, स्वीडन, फिनलंड, तेव्हा कुठे.

आणि काय झालं ते ज्यांनी पाहिलं त्यांना विचारा. १५ फेब्रुवारी, मॉन्ट्रियल, आपल्याकडे रविवारची सकाळ. तेव्हा अमेरिका-कॅनडाचं टॅरिफवरून, कॅनडाला एक्कावन्नावं राज्य करू वगैरे बोलण्यावरून वातावरण तापलेलं, अमेरिकेचं राष्ट्रगीत सुरू झालं तर लोकांनी हुर्यो केली (मला ते आवडलं नाही, कुणाचंही राष्ट्रगीत असो, उभं राहावं), आणि पक, म्हणजे खेळायची रबराची चकती, पडल्यापासून नऊ सेकंदांत तीन मारामाऱ्या. मुलगा त्या रात्री स्टेडियमबाहेरच्या गर्दीत होता, फोनवर त्याचा आवाज ऐकू येत नव्हता. ती मॅच अमेरिकेने ३-१ ने जिंकली. मग पाच दिवसांनी बोस्टनला फायनल, २-२, ओव्हरटाइम, आणि ८ मिनिटं १८ सेकंदांवर मॅकडेव्हिडला समोर मोकळा सोडला, त्याने मारला, संपलं. मी खुर्चीवरून उठून उभा राहिलो, बायको स्वयंपाकघरातून धावत आली की काय झालं म्हणून.

मग मे महिन्यात वर्ल्ड चॅम्पियनशिप, स्टॉकहोमला फायनल, आपल्याकडे जवळजवळ मध्यरात्र, बाहेर लू थांबली तरी भिंती तापलेल्या. अमेरिका विरुद्ध स्वित्झर्लंड, पूर्ण वेळ ०-०, ओव्हरटाइममध्ये टेज थॉम्पसनचा गोल, १-० आणि या स्पर्धेत जिंकून अमेरिकेला १९३३ नंतर पहिल्यांदा सोनं. पोरांनी १३ नंबरचा शर्ट हातात धरून फोटो काढला, जॉनी गॉड्रोचा, जो ऑगस्ट २०२४ मध्ये भावाबरोबर सायकलवर असताना गाडीखाली गेला, दोघंही गेले. तो या टीममध्ये असता. डोळे भरून आले हो.

१९३३ म्हणजे लॉस एंजेलिस ऑलिम्पिकच्या पुढचं वर्ष. त्या ऑलिम्पिकमध्ये आपल्या रूपसिंहांनी अमेरिकेला एकट्याने १० गोल मारले होते, २४-१. ग्वाल्हेरच्या फौजेतला माणूस. ते आज ९० वर्षांनी आपल्याला का आठवतात? देशाच्या शर्टात मारले म्हणून. बोला.

दौलतगंजकर

काका, तुमचा जीव कळतो पण मत पटत नाही, आणि मी एडमंटनला तीन वर्षं नोकरी केलेला माणूस आहे, उणे तीसमध्ये बस स्टॉपवर उभं राहून तिथल्या ऑयलर्स टीमवर वाद घातलेत, त्यामुळे लांबून बोलत नाही.

पहिला मुद्दा, दुखापती. फोर नेशन्समध्ये अमेरिकेचा चार्ली मॅकअव्हॉय खांदा दुखावून घेऊन आला, त्यात इन्फेक्शन झालं, हॉस्पिटलात, उरलेला लीगचा सीझन बसून. त्याची बोस्टन प्लेऑफला, म्हणजे सीझननंतरच्या बाद फेऱ्यांना, पोचलीच नाही. मॅथ्यू टकाचक तिथेच जखमी, तोही थेट प्लेऑफलाच परतला. सोचीला जॉन टव्हारेसचा गुडघा गेला होता तेव्हा त्याच्या क्लबचं वर्ष वाया गेलं. पगार कोण देतो? क्लब. डॉक्टर कुणाचा? क्लबचा. वर्षभर तिकीट काढणारा प्रेक्षक कुणाचा? आणि तुम्ही म्हणता दरवर्षी द्या.

दुसरा मुद्दा जास्त महत्त्वाचा. एका मॅचमध्ये खरं काय ते कळत नाही. त्याच वर्ल्ड चॅम्पियनशिपमध्ये कॅनडाकडे क्रॉसबी होता, मॅकिनन होता, आणि डेन्मार्कच्या हर्निंग गावात क्वार्टर फायनलमध्ये डेन्मार्ककडूनच २-१ ने हरले, शेवटच्या अडीच मिनिटांत दोन गोल खाऊन, दुसरा तर ४९ सेकंद उरलेले असताना. डेन्मार्क कॅनडापेक्षा चांगली टीम आहे का? पुढच्याच मॅचला स्विसने त्यांना ७-० धुतलं. पक आहे तो, १७० ग्रॅमचं रबर, कुणाच्या तरी स्केटला लागून कुठेही जातो. म्हणून सात सामन्यांची सिरीज लागते. चार जिंका तेव्हा कप.

यंदाची स्टॅनली कप, म्हणजे एनएचएलच्या जेतेपदाची, फायनल आठवा, एडमंटन विरुद्ध फ्लोरिडा. पहिल्या चार सामन्यांतले तीन ओव्हरटाइमला गेले. चौथ्यात आम्ही पहिल्या पिरियडलाच ०-३ मागे, फ्लोरिडात, त्यांच्या घरी, आणि तिथून ५-४, आमच्या ड्रायसाइटलचा ओव्हरटाइम गोल, त्या प्लेऑफमधला त्याचा चौथा, एका वर्षात चार कुणीच मारलेले नाहीत. आणि तरी आम्ही हरलो. सहाव्यात फ्लोरिडाच्या राइनहार्टने एकट्याने चार मारले, ५-१. मागच्या वर्षी सातव्यात हरलो, यंदा सहाव्यात, त्याच टीमकडून. १८ जूनला सकाळी मी बाड्यावर जाऊन नुसता बसून राहिलो. पण मी म्हणतो फ्लोरिडा चांगली टीम होती, कारण सहा सामने बघून कळलं. हे एका रात्रीच्या मॅचबद्दल मी कधीच म्हणू शकणार नाही.

आणि मॅकडेव्हिडचंच घ्या. ऑक्टोबरमध्ये त्याने एडमंटनशी नवा करार केला, दोनच वर्षांचा, वर्षाला साडेबारा मिलियन डॉलर, म्हणजे आधी होता तेवढाच. बाहेर कितीतरी जास्त मिळाले असते. एवढे कमी कशासाठी घेतले? टीम चांगली व्हावी, कप यावा म्हणून. देशाचा गोल मारून झाला तरी त्याला झोप नाही ती स्टॅनली कपाची.

पहाटेचा_पक (कंपू)

दौलतगंजकर, डेन्मार्कच्या मॅचला तुम्ही अपघात म्हणता, मी तीच मॅच वर्षातली सगळ्यात सुंदर म्हणतो. हर्निंगच्या घरच्या लोकांसमोर, एक छोटा देश, शेवटच्या मिनिटाला. त्या गावात ती रात्र कुणी मरेपर्यंत विसरणार नाही. खेळ काय नुसतं मोजमाप आहे का, की सात वेळा तोलून सरासरी काढा?

आणि क्लबचा जिव्हाळा म्हणता तर ब्रॅड मार्शांडचं सांगा. पंधराहून जास्त सीझन बोस्टनला, त्यांचा कॅप्टन. फेब्रुवारीची फायनल बोस्टनमध्येच, त्याच्या घरच्या बर्फावर तो कॅनडाच्या शर्टात खेळला. आणि मार्चच्या पहिल्या आठवड्यात त्याच क्लबने त्याला फ्लोरिडाला देऊन टाकला. देश कुणाला विकत नाही हो.

दौलतगंजकर

दिला, आणि जूनमध्ये ३७ व्या वर्षी त्याने कप उचलला, फायनलची दुसरी मॅच दुसऱ्या ओव्हरटाइममध्ये त्यानेच जिंकून दिली. क्लबने दार बंद केलं तर दुसरं दार लीगमध्येच उघडलं. देशाच्या टीममधून काढलं तर दुसरा देश कुठून आणायचा?

जीवाजी_हॉस्टेल

मी नवीन आहे बघणारा, एक विचारतो, काका रागावू नका. देशाचे सामनेच खरे म्हणता तर रशियाच्या ओव्हेचकिनचं काय करायचं? रशियाला २०२२ पासून आंतरराष्ट्रीय सामन्यांत घेतच नाहीत. त्या माणसाने ६ एप्रिलला ८९५ वा गोल मारून ग्रेट्झकीचा लीगमधल्या सगळ्यात जास्त गोलांचा रेकॉर्ड मोडला, आपल्याकडे रामनवमीची रात्र होती, हॉस्टेलात प्रसादाच्या पंजिरीचा वाडगा मांडीवर घेऊन बघत होतो. ग्रेट्झकीचे ८९४ जितक्या मॅचमध्ये, १४८७, नेमक्या तेवढ्याच मॅचला याचा ८९५ वा. त्याच सीझनला नोव्हेंबरमध्ये पाय मोडला होता, १६ मॅच बाहेर होता, वय ३९. गेल्या महिन्यात ९०० पण झाले. हे सगळं लीगमध्ये. देशाच्या नियमाने गेलो तर हा माणूस आपल्याला दिसलाच नसता. ड्रायसाइटल जर्मन, तोही फोर नेशन्समध्ये नव्हता कारण चारच देश बोलावले. मग ती सगळ्यांची स्पर्धा कशी?

मुरार_छावणी

बराच वेळ वाचून राहिलोय. सगळे जण कॅनडा-अमेरिकाच बोलताय. मी फौजेत होतो, दोन हिवाळे लेहला काढलेत, म्हणून थोडं इकडचं सांगतो.

यंदा जूनच्या सुरुवातीला अल ऐनला, दुबईच्या बाजूला, महिलांचा आशिया कप झाला त्यात आपल्या मुलींनी ब्राँझ आणलं. पहिलंच. इथे किती जणांना माहीत होतं? या पोरी जवळजवळ सगळ्या लडाखच्या. २०१६ ला तैपेईला पहिल्यांदा बाहेर खेळल्या, सगळ्या मॅच हरल्या. २०१७ ला बँकॉकमध्ये फिलिपिन्सला ४-३ हरवलं, ती पहिली जीत. आणि आता पदक.

बर्फ कसा मिळतो ते ऐका. कुठे कुंड असतं, कुठे शेताला बांध घालतात, डिसेंबर-जानेवारीत रात्री पाणी सोडायचं, थर गोठला की परत पाणी, असे थरावर थर. दुपारी ऊन लागलं की वरचा थर ओला होतो म्हणून खेळायचं सकाळी लवकर. मी पहिल्यांदा स्केट्स घातले तेव्हा कडेच्या बांधाला धरून उभा होतो आणि शेजारून आठ-नऊ वर्षांची पोर आजीच्या लोकरी टोपीत सर्रकन निघून गेली, उलटी, मागे न बघता. साडेतीन हजार मीटर उंचीवर, जिथे आम्ही जिना चढलो तरी दम लागायचा. फेब्रुवारी संपला की बर्फ गेला, मग पुढचे नऊ-दहा महिने काय? यंदा जानेवारीत खेलो इंडियाचे हिवाळी खेळ लेहला झाले, तिथे आता मशीनचा बर्फ असलेली रिंक आहे, पण बाकी गावांत अजून तेच, पाणी सोडा आणि थंडीची वाट बघा. देहरादूनला २०११ ला मोठी रिंक बांधली होती ती बरीच वर्षं बंद पडून होती, यंदा ऑगस्टमध्ये तिथे स्केटिंगची आशियाई स्पर्धा झाली.

या मुलींना कुठली लीग पैसे द्यायला आली? देशाचा शर्ट होता म्हणून विमानाचं तिकीट तरी निघालं. माझं मत काकांच्या बाजूने.

थाटीपूरची_आत्या

मुरारवाले दादा, तुम्ही लिहिलंत ते वाचून अंगावर काटा आला, त्या मुलींना माझा नमस्कार सांगायला कुणी असेल तर सांगा. पण मी तुमच्याच गोष्टीतून उलटा अर्थ काढते.

माझी भाची आपल्या इथल्या महिला हॉकी अकादमीत आहे, गवतावरच्या नाही आता त्याला टर्फ म्हणतात, त्या हॉकीच्या. सतरा वर्षांची. पहाटे साडेचारला उठते, गुडघ्यांवर कायम निळे डाग. देशाच्या टीममध्ये किती जणी जातात हो? अठरा-वीस. बाकीच्या शेकड्यांनी पोरी ज्या दहा-दहा वर्षं घालवतात त्यांनी काय करायचं? रेल्वेत नोकरी लागली तर लागली. यंदा जानेवारीत रांचीला मुलींची हॉकी लीग पहिल्यांदा झाली, चारच टीम, पण लिलावात एका मुलीला ३२ लाख लागले. अकादमीतल्या पोरी फोनभोवती गोळा होऊन बघत होत्या, भाची म्हणाली आत्या, हे काम आहे, म्हणजे यातून घर चालू शकतं. त्या दिवसापासून तिच्या बाबांचं, आता लग्नाचं बघू, हे बोलणं थांबलंय. देशाच्या पदकाने ते थांबलं नव्हतं.

बर्फावरचंही तेच आहे ना. मी तुमच्या धाग्यामुळे वाचलं थोडं. अमेरिका-कॅनडाच्या मुली वर्षानुवर्षं ऑलिम्पिकची सोनी वाटून घेत होत्या, आणि घरी येऊन दुसरी नोकरी करत होत्या. २०२४ च्या जानेवारीत त्यांची पीडब्ल्यूएचएल, म्हणजे बायकांची लीग, निघाली, सहा टीम, कमीत कमी पगार ३५ हजार डॉलर. फार नाही, पण पगार. मिनेसोटाने दोन्ही वर्षं कप नेला, यंदाच्या फायनलच्या तर चारही मॅच ओव्हरटाइमला गेल्या. आता या सीझनपासून आठ टीम झाल्या, सिअ‍ॅटल आणि व्हँकुव्हर. एप्रिलमध्ये महिलांची वर्ल्ड चॅम्पियनशिप झाली, अमेरिकेने कॅनडाला ४-३ हरवलं, तीही ओव्हरटाइमलाच, आणि दोन्हीकडच्या कितीतरी जणी याच लीगमध्ये वर्षभर एकमेकींसमोर खेळलेल्या. लीग आहे म्हणून देशाचे सामने चांगले होतात, असं नाही का?

मुरार_छावणी

आत्या, हे मी या बाजूने पाहिलंच नव्हतं. लेहच्या मुलींपैकी ज्यांना आयटीबीपीत, म्हणजे सीमेवरच्या पोलीस दलात, नोकरी मिळाली त्या खेळत राहिल्या, ज्यांना नाही त्यांचं काय झालं ते मला खरंच ठाऊक नाही. पगार हवा हे बरोबर. पण लीग काढायला आधी बारा महिने बर्फ हवा, आणि तो सरकारशिवाय कोण करणार, आणि सरकार पदक आल्याशिवाय हलत नाही.

दौलतगंजकर

दादा, बर्फाचंच बोलायचं तर फ्लोरिडात कुठे थंडी आहे? आपल्या जूनसारखं दमट-गरम, बाहेर लोक हाफ पँटीत, आत जूनमध्ये स्टॅनली कप फायनल. हे लीगच्या पैशाने झालं. अमेरिकेचा फोर नेशन्समधला कॅप्टन ऑस्टन मॅथ्यूज, तो वाढला कुठे? अ‍ॅरिझोनात, वाळवंटात. कारण तिथे लीगने टीम नेऊन ठेवली होती, छोट्या वयात तो त्यांच्या मॅच बघायला जायचा. काका ज्या देशाच्या टीमवर जीव टाकतात तिचा कॅप्टन लीगने घडवला.

पहाटेचा_पक (कंपू)

आणि तीच अ‍ॅरिझोनाची टीम २०२४ ला उचलून युटाहला नेली, हे सांगायचं राहिलं तुमचं. आज तिथला जो आठ वर्षांचा मुलगा आहे त्याने कुणाच्या मॅच बघायच्या? देश उचलून नेता येत नाही, मी हेच म्हणतोय.

हॉस्टेलवाल्या पोरा, रागावलो नाही, प्रश्न बरोबर आहे. ओव्हेचकिनचा तो गोल मीही बघितला, न्यूयॉर्कला, बर्फावर पोटावर घसरत गेला तो. त्याला देशाकडून खेळता येत नाही याला कारण युद्ध आहे, त्याचं मला वाईट वाटतं, पण त्यावरून देशाचे सामने खोटे ठरत नाहीत. उलट चार देश बोलावले ते कमीच, आठ हवेत. स्विस बघा, २०१३, २०१८, २०२४, २०२५, चार वेळा फायनल हरले, सोनं एकदाही नाही, आणि तरी त्यांचे म्हातारे गोलकीपर, डिफेन्सवाले दर मे महिन्यात येतात. पैशासाठी येत असतील असं मला वाटत नाही.

आत्या, तुमच्या भाचीचं वाचून मात्र दोनदा लिहिलं आणि दोनदा पुसलं. घर चालायला हवं यावर मी काय वाद घालणार. एवढंच म्हणतो, लीग बंद करा असं मी म्हटलंच नाही, दोन आठवडे थांबा म्हटलं.

आणि दौलतगंजकर, एक राहिलं. मॉन्ट्रियलच्या त्या नऊ सेकंदांत ब्रॅडी टकाचकशी हात करणारा कॅनडाचा सॅम बेनेट आठवतो? फ्लोरिडात तो ब्रॅडीच्या सख्ख्या भावाबरोबर, मॅथ्यूबरोबर खेळतो. तोच बेनेट फायनलला २-२ करतो, तोच प्लेऑफमध्ये १५ गोल मारून सगळ्यात उत्तम खेळाडू ठरतो आणि जूनमध्ये मॅथ्यूच्या गळ्यात पडून रडतो. देश आणि क्लब दोन्ही एकाच माणसात, चार महिन्यांत.

दौलतगंजकर

काका, हा बेनेट तर माझ्या बाजूचाही साक्षीदार झाला. त्या १५ गोलांतले पाच आमच्यावर होते, मला कसा विसरेल.

दोन आठवडे दरवर्षी मला अजून जास्त वाटतात. दर दोन वर्षांनी, क्लबला विमा देऊन, यावर मी येतो, आणि लीगचंही तसंच ठरतंय, २०२६ ऑलिम्पिक, २०२८ वर्ल्ड कप. दरवर्षी केलंत तर दहा वर्षांनी त्या ओव्हरटाइमला कुणी खुर्चीवरून उठणार नाही.

पहाटेचा_पक (कंपू)

मी उठेन.

थाटीपूरची_आत्या

फेब्रुवारीत मिलानच्या ऑलिम्पिकच्या मॅच आपल्या किती वाजता असतात ते कुणीतरी टाका. इटलीतलं आहे म्हणजे पहाटे उठायला नको ना? भाची विचारतेय, अकादमीत रात्री साडेनऊला फोन जमा करतात.